शेठजींचं टक्कल आणि अक्काची नोकरी

आमच्या घरातली पहिली शास्त्रज्ञ नोकरीला लागली, ती एका शेठजींचं टक्कल लाल झाल्यामुळं. टक्कल लाल मी केलं होतं.

शास्त्रज्ञ म्हणजे माझी थोरली बहीण, शिवलीला अक्का. सोलापूरच्या साखर पेठेतल्या आमच्या गल्लीत एम.एस्सी. झालेली ती पहिली मुलगी. त्यानंतर तीन वर्षं ती पुण्याला एका प्रयोगशाळेत रंगांवर संशोधन करत होती. (त्याच तीन वर्षांत मी इथं बी.कॉम.च्या पहिल्या वर्षावर संशोधन करत होतो. तेही अपुरंच राहिलं.) ‘आमची लीला प्राध्यापक होणार’ असं अप्पांनी, म्हणजे आमच्या वडिलांनी, चादरीच्या दुकानात येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाला सांगून ठेवलं होतं. चादर घेतली नाही तरी सांगत.

आणि त्या उन्हाळ्यात अक्का प्रबंध अर्धा टाकून, ट्रंक घेऊन घरी आली.

“तीन वर्षं परीक्षानळीत चिमूट चिमूट रंग केला, अप्पा,” ती म्हणाली. “त्याच्यावर कागद लिहिले. ते वाचून दुसऱ्यांनी कागद लिहिले. आता मला तो रंग कुणाच्या तरी अंगावर बघायचाय.”

“म्हणजे प्राध्यापक व्हायचं नाही?”

“नाही.”

“इतकं शास्त्र शिकून प्राध्यापक व्हायचं नाही, तर करायचं काय?”

हा प्रश्न दुसऱ्या दिवशी सगळ्या गल्लीचा झाला. समोरच्या काकूंनी शाळेत शिकवणं सुचवलं, मामांनी औषधाचं दुकान सुचवलं. घरात रिकामा मी एकटाच असल्यामुळं अक्काला नोकरी शोधून देण्याची जबाबदारी मी स्वतःकडं घेतली. ती मला कोणी दिली नव्हती, हे इथं नमूद करतो.

पहिल्यांदा मी तिला रहीमचाचांच्या सोडा कारखान्यात नेलं. कारखाना म्हणजे एक खोली, एक यंत्र आणि दर दोन तासांनी फुटणारी एक बाटली. अक्कानं यंत्र पाहिलं, बाटल्या उजेडात धरून पाहिल्या, वायू किती भरता ते विचारलं आणि दोन गोष्टी बदलायला सांगितल्या. आठवडाभर एकही बाटली फुटली नाही. चाचांनी आम्हा दोघांना फुकट सोडा पाजला आणि म्हणाले, “बेटी, तू लई हुशार है. मगर सोडे की दुकान में इत्ती हुशारी का क्या करना?”

अक्का हसत बाहेर पडली. मी मात्र मनातून पार खट्टू झालो, कारण तिची हुशारी मला दिसत होती आणि ती ठेवायला गावात जागा सापडत नव्हती.

मग कळलं, की दुधनीचे मल्लिनाथ शेठ सोलापुरात चादरींचा रंगकारखाना काढताहेत आणि त्यांना रंगाचं काम बघायला माणूस हवा आहे. अप्पांची त्यांची जुनी ओळख. अप्पांनी चिठ्ठी धाडली. शेठजींचं उत्तर आलं, की आईला सिद्धेश्वराच्या दर्शनाला आणतोय, रात्री तुमच्याकडंच मुक्काम करू, मुलीशी बोलू. पण रंगाच्या भट्टीवर बाईमाणूस म्हणजे जरा विचार करावा लागेल.

अप्पांनी अक्काला समोर बसवलं. “हे बघ लीला, शेठ व्हय म्हणाला तर मी अडवणार न्हाई. पण न्हाई म्हणाला, तर सोमवारच्या गाडीनं पुण्याला जायचं आणि प्रबंध पुरा करायचा. कबूल?”

“कबूल,” अक्का म्हणाली. पण त्या दिवशी तिनं एकच भाकरी खाल्ली.

तिचं ते तोंड मला बघवेना. आणि मला काही बघवलं नाही, की घरावर संकट येतं, हा आमच्याकडचा अनुभव आहे.

माझी योजना साधी होती. शेठजींना झोपायला गच्चीवर नव्या कोऱ्या लालभडक चादरी द्यायच्या आणि सांगायचं, की हा रंग आमच्या अक्कानं केलाय. अक्काला हे आधी सांगण्यात अर्थ नव्हता. ती खोट्याला कधीच तयार झाली नसती. दोन गल्ल्या सोडून आमचा छोटा रंगखाना होता. तिथले रंगमास्तर नरसय्या मेहुणीच्या लग्नाला गेले होते. त्यांना काम करताना मी लहानपणापासून बघत आलो होतो. बघून येत असतं, तर आमच्या गल्लीतलं मांजरही चादर विणतं, हे तेव्हा माझ्या लक्षात आलं नाही.

लाल रंगाची रीत अशी: चादर आधी एका पाण्यात भिजवायची, मग दुसऱ्या पाण्यात बुडवली की रंग उमटतो. ते दुसरं पाणी बर्फ टाकून सतत गार ठेवायचं. शेवटी चादर साबणाच्या पाण्यात खळखळ उकळायची, म्हणजे वरवर बसलेला रंग निघून जातो आणि आतला पक्का राहतो.

मी बर्फाची लादी आणली. ती बघितल्यावर मला वाटलं, एवढा बर्फ घालवायचा आणि पाहुण्यांना मात्र माठातलं सरबत द्यायचं? म्हणून अर्धी लादी भुशाच्या पोत्यात घालून घरी पाठवली. उरलेला बर्फ सोलापूरच्या उन्हात माझ्या डोळ्यांदेखत संपला. तरी चादरी लाल झाल्या. लई झकास लाल झाल्या. मग साबण. नळाला पाणी नव्हतं, म्हणून विहिरीचं घेतलं. त्यात काही केल्या फेस येईना, नुसता दह्यासारखा चोथा वर आला. मी विचार केला, आधीच एवढा सुंदर रंग आलाय, तो धुऊन कमी कशाला करायचा? आणि चादरी वाळत घातल्या.

आता हात. तळवे मी विटेच्या तुकड्यानं घासून माणसात आणले. मनगटापासून कोपरापर्यंत मात्र रंग हटेना. म्हणून संध्याकाळी मी पूर्ण बाह्यांचा शर्ट घालून, गुंड्या लावून पाहुण्यांसमोर उभा राहिलो. एप्रिल महिना होता.

“पोराला ताप हाय का?” शेठजींनी विचारलं.

“न्हाई, शिस्त,” मी म्हणालो.

मल्लिनाथ शेठ आडवेतिडवे, गोरेपान आणि संपूर्ण टकलू. त्यांची आई गौरव्वा किडकिडीत, पांढरंशुभ्र लुगडं नेसलेली आणि केस त्याहून पांढरे. सरबत त्यांना फार आवडलं. शेंगाच्या पोळीवर दोघांनी मनापासून हात चालवला. अक्का आत वाढायला घेत होती, तेवढ्यात मी शेठजींच्या कानाशी लागलो.

“गच्चीवरच्या चादरी बघा. अक्कानं स्वतः रंगवल्यात.”

“व्हय?” शेठजी म्हणाले. “मग निजून बघतो की. निजल्याबिगर चादर कळत न्हाई.”

डास होते म्हणून मायलेक डोक्यावरून चादरी ओढून झोपले.

सकाळी गौरव्वांच्या हाकेनं घर जागं झालं. “एनातप्पा इदू?” (हे काय झालं रे बाबा?) आम्ही गच्चीवर धावलो. शेठजी बसले होते आणि टकलापासून पोटापर्यंत लाल होते. शेजारी गौरव्वा. लुगडं गुलाबी, केस गुलाबी. शेठजींना वाटत होतं, अंगातली उष्णता बाहेर पडली. आईला वाटत होतं, देवी आली. मला वाटत होतं, जिन्यानं उतरावं आणि थेट केम गावी मावशीकडं जाऊन राहावं.

मग शेठजींची नजर चादरीवर गेली. त्यांनी बोट ओलं करून तिच्यावर घासलं आणि ते बोट अप्पांसमोर धरलं.

“ही तुमच्या शास्त्रज्ञ पोरीची करामत? आन् हिला मी भट्टीवर घेऊ?”

अप्पांनी अक्काकडं पाहिलं. त्यांच्या डोळ्यांत मला सोमवारची गाडी स्पष्ट दिसली. खरं त्याच क्षणी सांगायला हवं होतं. पण मी बाह्यांच्या गुंड्या नीट लागल्यात का, तेवढं चाचपलं. त्याची मला आजही लाज वाटते.

अक्का पुढं झाली. आधी तिनं खोबरेल तेलाची बाटली मागवली आणि गौरव्वांच्या एका हाताला तेल चोळून रंग निघतो हे दाखवलं. म्हातारी शांत झाली आणि शेठजीही टकलाला तेल चोळू लागले. मग अक्कानं चादर उचलली, पांढरा रुमाल ओला करून घासला, काठ उजेडात धरून नखानं खरवडला.

“शेठजी, चादरी मी रंगवल्या नाहीत. पण कुणीही रंगवल्या असोत, झालं काय ते सांगते. रंग असा डागाडागानं बसलाय, म्हणजे पाणी गार राहिलं नाही, बर्फ कमी पडला. हा काठावरचा पांढरा चोथा साबणाचा; म्हणजे विहिरीचं जड पाणी वापरलं. त्यात साबण फुटला, फेस आला नाही, म्हणून उकळणं सोडून दिलं. वरचा सुटा रंग तसाच राहिला, तो घामानं तुमच्या अंगावर आला.”

शेठजी टकलावरून हात फिरवायचे थांबले. “हे सगळं नुसतं बघून कळलं?”

“चादरीवर लिहिलेलंच आहे की.” मग ती न वळता मला म्हणाली, “बसू, बाह्या वर कर.”

मी बाह्या वर केल्या. अप्पांनी माझ्या कोपरांकडं पाहिलं, मग कोपऱ्यातल्या भुशाच्या पोत्याकडं, मग सरबताच्या रिकाम्या पेल्यांकडं. हिशेब जुळायला त्यांना शास्त्र लागलं नाही.

मी सगळं कबूल केलं. शेठजी असे हसले, की टकलावरचं तेल ओघळलं. “आमच्या दुधनीच्या रंगखान्यात तीन मास्तर तीन महिने झाले सांगताहेत, की रंग उतरतो ते नशिबानं. ही पोरगी चादर हातात घेऊन दोन मिनिटांत सांगती. पोरी, कधी येतीस?”

अक्का लगेच हो म्हणाली नाही! मला वाटलं, बाईचं डोकं फिरलं. ती म्हणाली, “एक अट आहे. कुठलाही नवा रंग माणसाच्या घामावर तपासल्याशिवाय कारखान्याबाहेर जाणार नाही.”

“घाम कुणाचा?” शेठजींनी विचारलं.

गौरव्वांनी आपला दुसरा, अजून गुलाबी असलेला हात उचलून माझ्याकडं बोट दाखवलं.

अप्पांनी त्या दिवशी दुकानात पहिल्याच गिऱ्हाइकाला सांगितलं, “आमची लीला रंगकारखान्याची मुख्य हाय.” प्राध्यापक हा शब्द नंतर त्यांच्या तोंडी आला नाही. अक्कानं केलेला लाल पुढं किती घरांत अंथरला गेला, कोण मोजणार. तिच्या हाताखाली शिकलेल्या पोरांनी नंतर आपापले कारखाने काढले. नरसय्या मास्तर तर कुणालाच मानत नसत. तेही अडलं की तिच्याकडं चादर घेऊन यायचे. मला तिचा अभिमान वाटतो, तो मी कधी लपवला नाही.

मीही त्याच कारखान्यात एकोणीस वर्षं पगारी होतो. काम ठरलेलं: ऐन उन्हाळ्यात, दुपारी, पत्र्याच्या शेडखाली, नव्या चादरीवर उघड्या अंगानं झोपायचं. तासाभरानं अक्का यायची, पांढऱ्या रुमालानं माझी पाठ पुसायची आणि वहीत लिहायची.

आता नातवंडं विचारतात, शास्त्र शिकून संशोधन सोडलं तर माणूस काय करू शकतो? मी त्यांना अक्काकडं पाठवतो. आणि काहीच न शिकता काय करता येतं असं कोणी विचारलं, तर शर्ट काढून पाठ दाखवतो. डाव्या खांद्याखाली थोडा मोरपंखी रंग अजून आहे.