आवतण आणि नोटीस

आमच्या पाथर्डी तालुक्यात दसरा सरला की वस्त्या ओस पडतात. नवरा-बायको मिळून एक कोयता, असे कोयते मोजून मुकादम ऊसतोडीच्या टोळ्या नेतो आणि पोरंही आईबापांमागे ट्रॉलीत बसून जातात. मुलींची तरी शाळा सुटू नये म्हणून गावातल्या एका गुरुजींनी चार माणसं जमवून ट्रस्ट काढला आणि वसतिगृह बांधलं. मी त्या वसतिगृहाची अधीक्षिका. मुली मला बाई म्हणत.

ट्रस्टची पाच वर्षांची मुदत संपली की नवे विश्वस्त निवडायचे, आणि ते निवडायची आमची एक रीत होती. गुरुजी स्वतः सभासदांच्या घरोघरी जात, ओट्यावर बसत, चहा घेत आणि म्हणत, "रविवारी बैठक हाय, जेवायलाच या." हे आवतण. कागद नाही, सही नाही. लेखी नोटीस आमच्याकडे बांधावरून भांडणाऱ्या भावाला धाडतात. घरच्या माणसाला धाडली तर तो जन्मभर बोलायचा नाही.

त्या वर्षीही बैठक अशीच झाली. गुरुजींचा पुतण्या पहिल्या पंगतीला बसला, पिठलं-भाकरी दोनदा मागून घेतली आणि निवडीला हात वरही केला. विश्वस्तांत आपलं नाव नाही हे त्याला हात धुताना कळलं असावं. महिन्याभरात त्याने सगळ्यांना रजिस्टर पोस्टाने नोटिसा पाठवल्या, स्वतःची वेगळी सभा घेतली आणि वेगळे विश्वस्त निवडले. नगरच्या धर्मादाय कार्यालयात, जिथे ट्रस्टची नोंद असते, तिथे विश्वस्त बदलल्याचे दोन्ही बाजूंचे अर्ज गेले. खरे विश्वस्त कोण ते ठरू द्या, म्हणत बँकेने खातं गोठवलं.

म्हण आहे, दोघांचं भांडण, तिसऱ्याचा लाभ. इथे तिसऱ्यालाच घर सोडायची पाळी आली. किराणावाल्याने काही दिवस कळ काढली. मग मी एक वेळ खिचडी आणि एक वेळ पुन्हा खिचडी असा बेत ठेवला. मुली कुरकुरल्या नाहीत, याचाच मला राग यायचा. नववीतली एक तर उलट मलाच समजवायची, "बाई, दहावीपर्यंत ढकला कसंबी. मला बोर्डाला बसायचंय." तिच्या घरात दहावीला आजवर कुणी बसलं नव्हतं.

तिच्यासाठी मी गुरुजींच्या मागे लागून दिवाणी कोर्टात गेले. न्यायाधीशांनी शांतपणे ऐकलं आणि सांगितलं, "विश्वस्त कोण, हे ठरवायचा अधिकार या कोर्टाला नाही. धर्मादाय कार्यालयात जा." तिथल्या साहेबांना मी हात जोडून म्हटलं, निकाल केव्हाही द्या, तोवर वसतिगृह तेवढं चालू ठेवायला सांगा. ते म्हणाले, "तसा आदेश मी विश्वस्तांना देऊ शकतो. पण विश्वस्त कोण, हाच तर वाद आहे." माणूस वाईट नव्हता. एकही माणूस वाईट नव्हता, म्हणून तर कुणाच्या नावाने बोटं मोडावीत हे कळेना.

दसऱ्याला वसतिगृहाला कुलूप लागलं. मुली आपापल्या आईबापांबरोबर उसाच्या फडावर गेल्या, नववीतलीही गेली. जाताना तिने पुस्तकं पिशवीत भरली. मी म्हटलं, सुनावणी लागलीय, लवकरच परत येशील. तेव्हा मला तसंच वाटत होतं.

सुनावणीला गुरुजींची उलटतपासणी झाली. पुतण्याच्या वकिलांनी एकच प्रश्न धरला, "सभेची लेखी नोटीस दिली होती का?"

"आवतन दिलं हुतं."

"लेखी नोटीस दिली होती का? हो की नाही?"

गुरुजींनी पुतण्याकडे पाहिलं. "साहेब, ह्यो माज्या मांडीवर वाढला. ह्याला नोटीस धाडू?"

"हो की नाही?"

"न्हाई."

पुतण्या मान खाली घालून बसला होता. आपण त्या दिवशी जेवून गेलो, एवढं सांगायला त्याची जीभ रेटली नाही. मला उठून ओरडावंसं वाटलं. सोबत आलेल्या शेजारणीने हात धरला म्हणून बसले.

निकालात दोन्ही अर्ज फेटाळले. आमच्या सभेला नोटीस नव्हती म्हणून, आणि त्यांच्या सभेला नोटीस होती पण ती काढणाऱ्याला सभा बोलवायचा अधिकार नव्हता म्हणून. कायद्याने पाहिलं तर दोन्ही बरोबर. म्हणजे आता ट्रस्टला विश्वस्तच उरले नाहीत. दोन्ही बाजू अपिलात गेल्या. तिथे तारखा पडत राहिल्या आणि ऊसतोडीचे दोन हंगाम निघून गेले. गुरुजींनी घराबाहेर पडणं सोडलं.

शेवटी अपिलात वरच्या साहेबांनी तात्पुरती समिती नेमली. किल्ली माझ्या हातात आली तेव्हा पुन्हा दसरा तोंडावर होता. खोल्या झाडायच्या आधी मी त्या मुलीची वस्ती गाठली. ट्रॅक्टर उभा होता, ट्रॉलीत भांडी आणि गाठोडी चढत होती. ती मला बघून धावत आली. गळ्यात काळी पोत होती. जवळच एक पोरगा ट्रॉलीला दोर आवळत होता, तो तिचा नवरा.

"बाई, उघडलं व्हय वसतिगृह?"

"उघडलं," मी म्हटलं. दहावीचं मी काढलं नाही, तिनेही काढलं नाही.

"मंग माज्या धाकटीला न्या. यंदा सातवीला हाय. लई हुशार हाय ती."

मी तिच्या आईकडे वळले. मिनतवारी केली, खर्च नाही म्हटलं, मी पोटच्या पोरीसारखी सांभाळीन म्हटलं. आईने सगळं ऐकून घेतलं. ती चिडली नाही.

"बाई, तुमचं खरं हाय. पर हिचा आता सोताचा कोयता हाय. धाकटी तुमच्याकडं आली तर फडावर हिचं लेकरू कोन धरंल?"

धाकटी बाळाला कडेवर घेऊन आधीच ट्रॉलीत चढली होती.