गाडी थंड होईपर्यंत

ओरेस्ट पावलुकला कोणी जुना पिकअप दाखवायला नेलं, की तो तीन वस्तू बरोबर घ्यायचा: फ्रिजवरचं लोहचुंबक, लहान हातोडी आणि अंथरायला पुठ्ठा. अंगावरचे जुने कपडे मात्र गाडी घेणाऱ्याने घालून यायचे, कारण ओरेस्ट गाडीखाली एकटा जात नसे. "गाडी तू घेणार, मग मातीत मी एकट्यानेच का लोळायचं?" असं म्हणून तो पुठ्ठ्याचा अर्धा भाग मोकळा ठेवायचा.

हे काम त्याने मागून घेतलेलं नव्हतं. कॅनडातल्या सस्कॅचवान प्रांतातल्या लॅमर्टन गावाच्या आसपासचे खडीचे रस्ते त्याने छत्तीस वर्षं सांभाळले होते. उन्हाळ्यात ग्रेडरने खडी सारखी करायची, हिवाळ्यात त्याच ग्रेडरने बर्फ लोटायचं. आजूबाजूच्या बहुतेक पिकअप त्याने कधी ना कधी चरातून ओढून काढले होते. कोणाची गाडी कशी वापरली जाते, हे त्याला गाडीच्या मालकापेक्षाही जास्त ठाऊक असायचं. निवृत्त झाल्यावर लोक विचारायला येऊ लागले आणि त्याच्या हाताला काम राहिलं.

त्याचे निकाल तीनच होते. "घे." "घेऊ नकोस." आणि "घे, पण नंतर रडायला माझ्याकडे येऊ नकोस." तिसरा निकाल सगळ्यांत जास्त वेळा लागायचा.

त्या ऑक्टोबरात ट्रूडी फेहर त्याच्याकडे आली. ट्रूडी आठवडाभर शाळेची बस चालवायची आणि बाकीच्या वेळात मधमाश्या पाळायची. तिचा बाप ओरेस्टबरोबर रस्त्यावर कामाला होता, त्यामुळे ती त्याला लहानपणापासून काका म्हणायची. तिच्या बेचाळीस पेट्या तीन शेतांत पसरलेल्या होत्या. बर्फ पडायच्या आत त्या सगळ्या हिवाळ्याच्या शेडमध्ये आणायच्या होत्या. एकेक पेटी चांगल्या पन्नास किलोची, आणि तिच्याकडे होती एक छोटी मोटार.

"काका, आर्नी बियार्नसन त्याचा पिकअप विकतोय. अठ्ठ्याहत्तर सालचा, तपकिरी, लांब हौद्याचा. मी घेतेच आहे, पण तुम्ही एकदा बघा."

"घेतेच आहेस, तर बघायचं कशाला?"

"तुम्ही नको म्हणालात तर नाही घेणार."

"मग घेतेच आहे म्हणू नकोस. ही असली गाडी म्हणजे काय, माहीत आहे का तुला?"

"काय?"

"स्टिअरिंग चक्कीसारखं फिरवावं लागतं. हौदा रिकामा असला की ती बर्फावर नाचते, म्हणून हिवाळाभर मागे वाळूची पोती टाकून फिरायचं. गाडी उभी करायला दोन गाड्यांची जागा लागते. पेट्रोल इतकं पिते की पंपावरचा माणूस तुला लग्नाचं आमंत्रण देईल. कप ठेवायला जागा नाही. कॉफी मांडीत धरायची."

"आणि चांगलं काय?"

ओरेस्टने विचार केला. "जे मोडेल ते दिसतं. आणि दिसतं तिथे हात पोचतो."

ओरेस्टने शनिवारी जायचं कबूल केलं, पण त्याला ते जड जात होतं. आर्नी त्याचा चाळीस वर्षांचा दोस्त. दोघांनी मिळून तळ्यावरच्या बर्फाला भोकं पाडून मासे धरले होते, एकमेकांची छपरं घातली होती. आर्नीचा गुडघा आता कामातून गेला होता, म्हणून तो आणि त्याची बायको गुड्रुन महिनाअखेर शहरातल्या फ्लॅटमध्ये राहायला जाणार होते. तिथे पिकअप उभा करायला जागा नव्हती. आणि लॅमर्टनमध्ये ओरेस्टने एखाद्या गाडीला नको म्हटलं, की ती गाडी थेट भंगारात जायची.

शनिवारी सकाळी दहाला ते आर्नीच्या अंगणात पोचले. गवतावर पांढरं दव गोठलं होतं. पिकअप शेडच्या दाराशी उभा होता, धुतलेला, पुसलेला. त्याच्या तोंडातून एक वायर निघून भिंतीतल्या प्लगमध्ये गेली होती.

"आलास?" आर्नी म्हणाला. "हातोडी हळू मार रे. माझ्यापेक्षा म्हातारी नाहीये ती."

"तुलाही मारून बघावी म्हणतो. कुठे पोकळ आहेस ते कळेल."

ओरेस्टने लोहचुंबक दारांच्या खालच्या पट्टीवरून फिरवलं. ते सगळीकडे चिकटलं, म्हणजे गंज पुट्टीखाली लपवलेला नव्हता. मग त्याने पुठ्ठा अंथरला. ट्रूडी न सांगता शेजारी आडवी झाली. त्याने चासीवर ठोकत ठोकत तिला आवाज ऐकवला: इथे घट्ट आहे, इथेही घट्ट, इथे थोडं गंजलंय पण वरवर. हौद्याचं वजन पेलणारे मागचे पाटे सरळ होते. ब्रेकचे पाइप नवे होते.

मग त्याच्या हाताची मागची बाजू सायलेन्सरच्या पाइपला लागली आणि त्याने ती पटकन काढून घेतली.

पाइप गरम होता.

वायर लावलेली होती ती इंजिनाच्या हीटरची. कडाक्याच्या थंडीत सगळेच ती रात्री लावून ठेवतात. पण आज कडाक्याची थंडी नव्हती, आणि त्या हीटरने इंजिन कोमट होतं, सायलेन्सर नाही. सायलेन्सर गरम आहे याचा अर्थ गाडी थोड्याच वेळापूर्वीपर्यंत बराच वेळ चालू होती. आणि बघायला लोक येणार म्हटल्यावर विकणारा गाडी आधी गरम करून ठेवतो, तो एकाच कारणासाठी. थंड इंजिन चालू होताना जे काही करतं, ते त्याला कोणाला दाखवायचं नसतं.

ओरेस्ट पुठ्ठ्यावर थोडा वेळ तसाच पडून राहिला. आर्नीला तोंडावर खोटा म्हणायचं, तर चाळीस वर्षांची मैत्री त्याच्या अंगणात संपणार. गप्प बसायचं, तर ही पोरगी बर्फाच्या तोंडावर पन्नास किलोच्या पेट्या भरून रस्त्यात अडकणार, आणि तीही त्याच्या शब्दावर. दोन्ही त्याला जमण्यासारखं नव्हतं.

"काका, काय झालं?"

"काही नाही. पाठ धरली."

तो बाहेर आला. बॉनेट उघडलं, आत नजर टाकली, पण परत लावलं नाही. भिंतीतून वायर काढली, नीट गुंडाळली, खिळ्याला टांगली. आर्नी त्याच्याकडे बघत होता. ओरेस्टही त्याच्याकडे बघत होता.

"चालू करून दाखवू?" आर्नीने विचारलं.

"घाई काय आहे. गुड्रुनने कॉफी ठेवलीय का?"

आर्नीचा चेहरा पडला. दहा मिनिटांच्या वर कोणाच्याही स्वयंपाकघरात न बसणारा माणूस म्हणून ओरेस्टची ख्याती होती.

त्या दिवशी तो खिडकीजवळच्या खुर्चीत बसला. तिथून पिकअप दिसत होता, उघड्या बॉनेटमध्ये वारा घेत. गुड्रुनला इतका आनंद झाला की तिने सात थरांचा प्लमचा केक काढला, जो ती एरवी नाताळशिवाय कापत नसे. ओरेस्टने एक तुकडा खाल्ला. मग दुसरा मागितला.

"बरा आहेस ना?" गुड्रुनने विचारलं.

"भूक लागलीय."

अकरा वाजले. ट्रूडीने घड्याळाकडे बघितलं. साडेअकराला ती त्याच्या कानाशी येऊन म्हणाली, "काका, आपण ट्रक बघायला आलोय की जेवायला?"

"जेवायला. ट्रक नंतर."

"मला पेट्या आणायच्या आहेत."

"पेट्या पळून जात नाहीत. माश्या आत झोपल्यात. तू पण बस."

बारा वाजता आर्नी उठला. "मी जरा तिला चालू करून येतो. बॅटरी उतरायला नको."

"दोन तासांत उतरणारी बॅटरी असेल तर सांग," ओरेस्ट म्हणाला, "तेही लक्षात ठेवतो."

आर्नी बसला. गुड्रुनने सूप आणलं, पाव आणला, खारवलेले मासे आणले. जेवण झाल्यावर ओरेस्टने स्वतःच फळीवरून पत्त्यांचा जोड काढला. दोघं खेळायला बसले. आर्नी एरवी पत्त्यांत ओरेस्टला धुवून काढायचा. आज तो हरत होता आणि हरतोय याकडे त्याचं लक्षही नव्हतं. ट्रूडी एकदा खिडकीतून पिकअपकडे बघायची, एकदा या दोन म्हाताऱ्यांकडे. तिच्या डोक्यात हळूहळू काहीतरी जुळत होतं. तिने कॉफीचा आणखी एक कप घेतला आणि पाय लांब केले.

गुड्रुन भांडी पुसत होती. बोलता बोलता म्हणाली, "याला ना, ती गाडी सोडवत नाहीये. आज सकाळी नऊला जाऊन तिच्यात बसला आणि पावणेदहापर्यंत उगाच चालू ठेवून बसला. मी खिडकीतून बघितलं. म्हटलं, घेऊ दे बिचाऱ्याला निरोप."

आर्नीचे कान लाल झाले.

ओरेस्टने पत्त्यांवरची नजर वर केली नाही. "पान टाक," तो म्हणाला. "तुझी पाळी आहे."

आर्नीने हातातल्या पानांकडे बघितलं. मग ती सगळी टेबलावर पालथी ठेवली आणि टेबलाला धरून उठला.

"चला," तो म्हणाला. "झाली असेल आता थंड."

चौघंही बाहेर आले. आर्नी गुडघा सांभाळत वर चढला. सेल्फ मारायच्या आधी त्याने काच खाली केली आणि ट्रूडीला म्हणाला, "मागे उभी राहा. तिथून नीट दिसेल."

इंजिन लागलं आणि मागून निळा धूर आला. थोडाथोडका नव्हे, शेड दिसेनाशी झाली. गुड्रुनने पदार्थ करपल्यासारखं नाक दाबलं. ट्रूडी खोकत बाजूला झाली. आर्नी स्टिअरिंगवर हात ठेवून समोर बघत बसला होता, निकाल ऐकायला बसल्यासारखा.

ओरेस्ट धुराकडे बघतच नव्हता. त्याने शेडमधून झाडू आणला, दांड्याचं एक टोक इंजिनावर टेकवलं आणि दुसरं कानाला लावलं. एका बाजूने ऐकलं, मग दुसऱ्या. मग ट्रूडीला बोलावून तिच्या कानाला दांडा लावला.

"काय ऐकू येतंय?"

"घरघर."

"खालून ठोके? कोणी दार वाजवल्यासारखे?"

"नाही."

"नाहीच आहेत." त्याने दांडा खाली ठेवला. एव्हाना धूर विरला होता आणि इंजिन शांत चालत होतं. "व्हॉल्व्हची सीलं गेलीत. गाडी उभी राहिली की ऑइल खाली झिरपतं आणि चालू करताना जळतं. मिनिटभर. बाकी इंजिन ठणठणीत आहे."

आर्नीने मान वळवली. "म्हणजे इंजिन गेलं नाही?"

"कोणी सांगितलं गेलं म्हणून?"

"मला वाटलं, गेलं. दोन महिने झोप नाही मला."

"दोन महिने," ओरेस्ट म्हणाला. "तीन मैलांवर राहतो मी. फोन आहे माझ्याकडे."

"तू नको म्हणाला असतास."

"असतो म्हणालो, ठोके असते तर. धुराला कशाला म्हणेन?" तो थांबला. "सकाळी पाइपला हात भाजला, तेव्हा मात्र म्हणणार होतो."

आर्नी खाली उतरला, ट्रूडीसमोर उभा राहिला आणि टोपी काढून म्हणाला, "मी तुला फसवायला निघालो होतो, पोरी. नको असेल तर नको घेऊस. मी रागावणार नाही."

ट्रूडीने गाडीला एक फेरी मारली. हौद्यात डोकावली. मग ओरेस्टला विचारलं, "ही सीलं बदलायला काय लागतं?"

"सोळा सीलं, एक दोरी आणि एक दिवस."

"मग ती आर्नीकाकांनी बदलायची. मी बरोबर काम करीन. त्यानंतर घेते."

"माझा गुडघा," आर्नी म्हणाला.

"सीलं वर असतात," ओरेस्ट म्हणाला. "गुडघा लागत नाही."

पण निकाल अजून द्यायचा होता. ओरेस्टने ट्रूडीला आर्नीच्या ढिगातलं सरपण हौद्यात भरायला लावलं, पाटे अर्धे दबेपर्यंत. भरताना तो बाजूला उभा राहून फक्त इतकंच सांगत होता की वजन पुढे घे, मागे नको. मग दोघं गाडीत बसून टेकडीवर जाऊन आले. चढाला ती धापली नाही. उताराला ब्रेकने एका बाजूला ओढली नाही. परत येऊन ट्रूडीने सगळं सरपण उतरवून होतं तसं रचलं, कारण ओरेस्टच्या मते दुसऱ्याचा ढीग मोडून निघून जाणं हे गाडी न बघण्याइतकंच वाईट होतं.

"घे," तो म्हणाला.

"पण?"

"पण काही नाही. घे."

रविवारी चर्चनंतर तिघं शेडमध्ये जमले. ओरेस्टने एक स्पार्क प्लग काढला, त्या भोकातून सुती दोरी आत सारली आणि इंजिन हाताने फिरवलं, तशी ती दोरी आत दबली आणि तिने व्हॉल्व्ह खालून उचलून धरले, म्हणजे स्प्रिंग काढली तरी ते आत पडत नाहीत. ट्रूडीला ही युक्ती इतकी आवडली की उरलेल्या सातही सिलिंडरांत दोरी तिनेच सारली. आर्नी स्टुलावर उभ्याने वाकून स्प्रिंगा दाबत होता, जुनी कडक झालेली सीलं चिमट्याने काढत होता, नवी बसवत होता. स्प्रिंग जागेवर धरणाऱ्या दोन इवल्या पाचरी पक्क्या बसल्याशिवाय ओरेस्ट पुढे जाऊ देत नव्हता; त्या निसटल्या तर व्हॉल्व्ह आत पडून इंजिनच मोडतं. जुनी सीलं बोटात धरली की बिस्किटासारखी मोडत होती.

बोलणं फारसं झालं नाही. आर्नीने एकदा शहरातल्या फ्लॅटची गोष्ट काढली: तिसरा मजला, लिफ्ट आहे, खिडकीतून दुसरी खिडकी दिसते.

"मासे धरायला येशील ना?" ओरेस्टने विचारलं.

"कशात बसून येऊ? गाडी तर विकली."

"मी नेईन," ट्रूडी इंजिनातून मान वर न काढता म्हणाली. "पेट्रोल तुम्ही भरायचं."

चार वाजायला आले तेव्हा सोळावं सील बसलं. आर्नीने हात पुसले, पाठ ताठ केली आणि झाकण लावायला घेतलं. ओरेस्टने टॉर्च मारून एकेक स्प्रिंग पाहिली, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत. अकराव्यावर तो थांबला.

"ही पाचर तिरकी बसलीय."

आर्नीने वाकून बघितलं. "केसाएवढी."

"हो."

"चालेल रे."

ओरेस्ट टॉर्च तिथेच धरून उभा राहिला. आर्नीने एक उसासा सोडला, दोरी ट्रूडीच्या हातात दिली आणि स्टुलावर परत चढला.