कॅमेऱ्याला लागलेलं कुंकू

धाकट्या जावेकडे कॅमेऱ्याचा मोबाईल आला, तेव्हा आमच्या घरात दुसरा फोन म्हणजे बैठकीतला, वायरचा. दीर अंबडला कंपनीत होते. पगारवाढ झाली तशी त्यांनी बायकोसाठी आणला. माझ्या पोटात दुखायला लागलं, आणि ते मी फारसं लपवलंही नाही. शेजारणी यायच्या त्या तिच्याकडे, माझी मुलंसुद्धा चिकटायची तिलाच. चहा मात्र मी करायचा.

दसऱ्याला सासूबाईंनी दिरांच्या पान्यांशेजारी मोबाईलही पाटावर मांडला आणि सगळ्यांना हळदकुंकू लावलं. दुपारी पिंपळगावहून माझी आई सोनं द्यायला आली. तिचा एकही हसरा फोटो माझ्याकडे नव्हता. स्टुडिओत ती कायम पोलिसात आणून बसवल्यासारखी बसायची. मला एक तरी हसरा हवा होता. त्यासाठी जावेची मनधरणी करणं जिवावर आलं, तरी केली.

जावेनं काढलेल्या फोटोत आई आणि मी लालसर धुक्यात. पुन्हा काढला, तेच. दिरांनी फोन बंद करून चालू केला, सेटिंगमध्ये शिरून रात्रीचा मोड बदलला, जागा हवी म्हणून जुने फोटो उडवले. जावेचं तोंड उतरलं. खरं सांगते, मला गार वाटलं.

पण आईची बस निघायची वेळ होत आली होती. शेवटी फोन मीच हातात घेतला आणि उलटा केला. मागे भिंगावर, बरोबर मधोमध, कुंकवाचं बोट. सासूबाईंनी कॅमेऱ्यालाच सवाष्ण केलं होतं. पदराचं टोक ओलं करून मी ते पुसलं आणि फोन जावेला परत दिला.

आई पुन्हा ताठ झाली. जाऊ म्हणाली, "मावशी, ताईंकडे बघू नका, त्या रागावल्यात. माझ्याकडे बघा."

"लय वांड हाय गं ही," आई म्हणाली, आणि खळखळून हसली.

गंगापूर रोडच्या स्टुडिओतून तो फोटो मी मोठा करून आणला. आता आई नाही. आलेगेले म्हणतात, लेक जवळ आहे म्हणून कशी खुलली आहे बघा. मी हो म्हणते. माझा हात तिच्या खांद्यावर आहे, आणि ती बघतेय जावेकडे.