पप्पांच्या गेममधली साफसफाई

मम्मी गेल्यानंतरचा पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम झाला, त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी पप्पा मला म्हणाले, "ते चालंना गं."

मी चहा गाळत होते. मला वाटलं, गिझर. बाहेर येऊन पाहिलं तर पप्पा कॉम्प्युटरसमोर बसले होते. आंघोळ झालेली, इस्त्रीचा शर्ट, दोन्ही हात स्टिअरिंगवर. स्क्रीनवर एक करडा चौकोन होता आणि गेम अचानक बंद पडल्याचं त्यात इंग्रजीत लिहिलं होतं.

"कधीपासून?" मी विचारलं.

"आजच बसलो. मधे कुठं बसलो होतो?"

मी त्यांच्या हातात चहा दिला आणि म्हणाले, "बघते."

पप्पांनी तीस वर्षं मुंबईत बस चालवली. रिटायर झाल्यावर पहिले काही महिने ते घाटकोपरच्या आमच्या घराच्या खिडकीत बसून खालच्या सिग्नलवरच्या ड्रायव्हरांना शिव्या घालायचे. मम्मी कंटाळली. म्हणाली, "यांना काहीतरी दे गं, नाहीतर मी माहेरी जाते." म्हणून मी बस चालवायचा एक गेम घेतला. सोबत टेबलाला बसवायचं स्टिअरिंग, गिअर, हँडब्रेक आणि पायाखाली क्लच, ब्रेक, ॲक्सिलरेटर.

पहिल्या दिवशी त्यांनी दहा मिनिटं चालवला आणि उठले. "हे कुठलं गाव? उजव्या बाजूने चालवायला लावतात. रस्त्यावर एक कुत्रं नाही. माणसं गेली कुठं सगळी?"

गेम परदेशातला होता, रस्तेही तिकडचेच. पण अशा गेमना लोक आपापल्या हौसेने जादा तुकडे बनवून जोडतात. कुणी नवीन बस बनवतं, कुणी रस्ते, कुणी नुसता हॉर्न. त्याला मॉड म्हणतात. मी इंटरनेटवर शोधून आधी आपल्याकडचे रस्ते जोडले. मग लाल एसटी, कारण पप्पांनी आयुष्यभर शहरातली बस चालवली होती आणि त्यांना गावाकडची एसटी हवी होती. मग टोपीवाले प्रवासी, उसाचे ट्रॅक्टर, रस्त्यात आडव्या येणाऱ्या शेळ्या, चहाची टपरी, कंडक्टरची घंटी. चार वर्षांत तीनशेच्या आसपास मॉडं झाली. रविवारी एखादं नवीन लावायचं, जुनं तसंच ठेवायचं. मरोळच्या ऑफिसात मी सॉफ्टवेअर तपासायचं काम करते. जुनं काढल्याशिवाय नवं लावू नये, हे तिथे मी रोज दुसऱ्यांना सांगते. घरी मात्र कधी केलं नाही.

मम्मी मागे पलंगावर भाजी निवडत बसायची. तिचं गेमशी काही देणंघेणं नव्हतं, पण लक्ष पूर्ण असायचं. "अहो, थांबवा, तो म्हातारा पळत येतोय." पप्पा थांबवायचे. "ही झाडं कसली? आपल्याकडं बाभळी असतात." मी बाभळी शोधून लावल्या. मग एके दिवशी म्हणाली, "सगळी गावं आली, माझ्याच गावाचा फाटा कुठाय?"

त्या नकाशात तिचं गाव नव्हतं. मी दोन रविवार खर्ची घालून ते बनवलं. एक पत्र्याची शेड, एक बाभूळ आणि गावाच्या नावाची पिवळी पाटी. मला जमलेलं ते एकच मॉड. मम्मीने पाटी पाहिली आणि म्हणाली, "शेवटचं अक्षर अर्धं पुसलेलं आहे गं. मी शाळेत होते तेव्हापासून." मी ते अक्षर अर्धं पुसलं. त्यानंतर रोज सकाळी बस तिथे आली की ती म्हणायची, "आलं बरं का माझं गाव," आणि पप्पा दार उघडून थोडा वेळ थांबायचे.

एका मंगळवारी गवार मोडता मोडता ती तशीच आडवी झाली. डोक्यात रक्तस्राव. चार दिवस ॲडमिट होती, पाचव्या दिवशी गेली.

त्यानंतर घरात माणसांची ये-जा सुरू झाली. कार्यक्रमाच्या दिवशी एका नातेवाइकाने बुद्धवंदना लावायला आमचा कॉम्प्युटर सुरू केला आणि आपल्या मोबाइलचं इंटरनेट जोडलं. एरवी मी त्याला इंटरनेट जोडायचे नाही; संधी मिळताच गेमने स्वतःला अपडेट करून घेतलं. नवीन गेम आणि जुनी मॉडं यांचं जमेना. झालं ते एवढंच.

मला ऑफिसातून पंधरा दिवसांची रजा होती. त्यातले आठ उरले होते. मी खुर्ची ओढली आणि बसले.

तेव्हा मला काय वाटत होतं, असं कुणी विचारलं तर सांगण्यासारखं काही नाही. पायाला मुंग्या आल्यावर चिमटा काढला तर पाय आपला आहे हे कळतं, पण चिमटा दुसऱ्या कुणाला तरी काढल्यासारखा वाटतो. तसं होतं. लोक येऊन माझे हात हातात घ्यायचे. मी त्यांना पाणी विचारायचे.

आधी मी सगळ्याची एक प्रत वेगळ्या डिस्कवर काढून ठेवली. मग सगळी मॉडं बाजूला केली आणि नुसता गेम सुरू केला. लगेच सुरू झाला. तोच परदेशातला रस्ता, स्वच्छ, रिकामा. पप्पा मागून बघत होते. "हा नको," म्हणाले आणि आत गेले.

मग मी अर्धी मॉडं परत लावली. गेम बंद पडला. म्हणजे दोष या अर्ध्यात. त्यातली अर्धी काढली. तरी पडला. पुन्हा अर्धी. बंद पडण्याआधी गेम काय करत होता ते तो एका फायलीत लिहून ठेवतो. दर वेळी ती फाइल उघडून शेवटच्या ओळी वाचायच्या आणि वहीत उतरवायच्या. सुरू करायला चार मिनिटं, पडायला एक सेकंद. दिवसभर हेच. मला ते बरं वाटत होतं, असंही नाही. पण पुढे काय करायचं हे प्रत्येक वेळी माहीत असायचं.

आतल्या खोलीत मावशी मम्मीचं कपाट आवरत होती. ती गोवंडीला राहते, चार दिवस मुद्दाम थांबली होती. तिथून ओरडून विचारायची, "ही हिरवी काठाची ठेवू की देऊ?"

"दे."

"आणि स्वेटर?"

"दे."

इकडे मला पावसाची तीन मॉडं सापडली होती. तिन्ही एकदम पाऊस पाडायला बघत होती. दोन काढली. रस्त्यांचे दोन नकाशे एकमेकांवर चढले होते. एका मॉडच्या मालकाने ते वर्षभरापूर्वीच सोडून दिलं होतं. तेही काढलं.

थोड्या वेळाने मावशी दारात येऊन उभी राहिली. "हा तिचा चष्मा."

"दे," मी स्क्रीनकडे बघत म्हणाले.

"चष्मा कुणाला देऊ गं? नंबरचा आहे."

मी वळले. तिच्या हातात मम्मीचा चष्मा होता, एका काडीला दोरा गुंडाळलेला. मावशीने तो आपल्या पर्समध्ये ठेवला आणि माझ्या शेजारी स्टुलावर येऊन बसली.

"तू एकदा तरी रडलीस का?"

"नाही."

"रडून घे गं."

"येत नाही, मावशी."

ती स्क्रीनकडे बघत राहिली. "हे काय लिहिलंय एवढं?"

"हॉर्न आहेत. एकाच बसचे पाच. चार काढतेय."

"पाच कशाला लागतात?"

"पप्पांना पसंत पडेनात. एक फार शहरी, एक ट्रकसारखा, एक म्हणे लग्नाच्या गाडीचा. मम्मीला पाचवा आवडला, मग तो ठेवला."

मावशी हसली आणि हसता हसता तिने पदर डोळ्यांना लावला. मी चार हॉर्न काढले आणि गेम पुन्हा सुरू केला.

चौथ्या दिवशी दुपारी गेम उघडला. एकशे ऐंशी मॉडं उरली होती, बाकीची गेली. मी पप्पांना हाक मारली. ते शर्ट बदलून आले. डेपोतून बस काढली, घंटी वाजली, शेळ्या आल्या, ट्रॅक्टर आला. वीसेक मिनिटं सगळं झकास चाललं होतं. आणि मग एका वळणावर स्क्रीन गोठली. करडा चौकोन.

पप्पांनी हात स्टिअरिंगवरून काढले नाहीत. पुन्हा सुरू केलं, पुन्हा तिथेच बंद. तिसऱ्यांदाही तिथेच. मी शेवटच्या ओळी उघडल्या. त्यात माझ्याच फायलीचं नाव होतं.

ते वळण संपलं की मम्मीचा फाटा होता. पाटी मी नवखेपणी जशी जमेल तशी बनवली होती. नवीन गेमला ती वाचता येत नव्हती.

"काय झालं?" पप्पांनी विचारलं.

"फाटा. मी बनवलेला. तो चालत नाही आता."

"म्हणजे तिथं गाडी बंद पडते."

"हो."

"काढ मग."

"पप्पा, तो मम्मीचा फाटा आहे."

"कळलं मला. बंद गाडी रस्त्यात उभी ठेवून कसं चालेल? काढ." हे त्यांनी ज्या आवाजात सांगितलं, तो आवाज मी लहानपणी डेपोत ऐकला होता.

"नवीन बनवता येईल," मी म्हणाले. "दोन दिवस लागतील. मग लावू."

"नंतर बघू. आधी गाडी रस्त्यावर येऊ दे."

मी फाइल निवडली आणि काढली. एक बटण दाबायचं, मग गेम विचारतो, नक्की ना, मग हो म्हणायचं. हो म्हटलं. मी थांबून पाहिलं, आत काही होतंय का. हॉलमध्ये पंखा फिरत होता. खाली कुणीतरी रिक्षावाल्याशी भांडत होतं. झालं काहीच नाही.

पप्पांनी पुन्हा डेपोतून बस काढली. मी मागे पलंगावर बसले. ते वळण आलं, गेलं. पुढे रस्त्याच्या कडेला नुसती माती होती आणि काटेरी कुंपण. मला वाटलं होतं ते वेग तरी कमी करतील. त्यांनी केला नाही. बस साठच्या वेगाने तिथून निघून गेली आणि पुढच्या गावात वेळेवर पोचली. त्या दिवशी त्यांनी सलग तीन तास चालवलं. मग उठून हातपाय धुतले आणि जेवायला बसले. मम्मी गेल्यापासून पहिल्यांदाच त्यांनी दुसरी भाकरी मागितली.

मावशी जाताना दोन मोठ्या पिशव्या घेऊन गेली. थंडी सुरू झाल्यावर पप्पांनी मला विचारलं, "तिचा तो स्वेटर कुठं ठेवलाय?" मी सांगितलं, दिला. ते "बरं" म्हणाले. पुढच्या रविवारी मी गोवंडीला गेले. मावशीच्या गल्लीत तिची शेजारीण तो स्वेटर घालून नळावर भांडी घासत होती. बाह्या कोपरापर्यंत वर केलेल्या. तिने मला ओळखलं, "ये की," म्हणाली. मी तिच्याशी पाच मिनिटं बोलले, मावशीकडे चहा घेतला आणि परत आले. पप्पांना काही सांगितलं नाही. त्यांनीही पुन्हा विचारलं नाही.

पाटी मी अजून बनवलेली नाही. जुनी फाइल त्या वेगळ्या डिस्कवर आहे. गेमचं आपोआप अपडेट होणं मी बंद करून टाकलंय. रविवारी दुपारी मी वही काढते, नवीन काय आलंय ते बघते, एका वेळी एकच बदल करते आणि दहा मिनिटं बस चालवून तपासते. वहीत लिहिते: ठीक. ऑफिसचं काम मी असंच करते. ऑफिसात सगळे म्हणतात, मी लवकर सावरले. मी हो म्हणते.

गेल्या महिन्यात असंच तपासत होते. पप्पा स्वयंपाकघरातून खुर्ची ओढत आले आणि बाजूला बसले.

"तू हे कीबोर्डवर चालवून बघतेस," ते म्हणाले. "त्यात काय कळणार? स्टिअरिंगवर बस."

"मला येत नाही."

"म्हणून तर म्हणतोय."

मी बसले. पहिला गिअर टाकला आणि बस गचके खात बंद पडली. "क्लच," पप्पा म्हणाले. पुन्हा चालू केली. "अगं क्लच, क्लच! पाय आहे का दगड?" बस सुटली, फाटकाला घासली. "आरसा कशाला दिलाय? तोंड बघायला?" समोरून ट्रॅक्टर आला, मी डावीकडे घेतली आणि आख्खी एसटी ओढ्यात घातली. सगळे प्रवासी एकदम ओरडले. तेही एक मॉड होतं.

"वाट लावलीस!" पप्पा कपाळाला हात लावून म्हणाले. "चाळीस माणसं आहेत मागं! तुझ्यासारखी ड्रायव्हर असती तर मी डेपोच्या गेटातूनच परत पाठवली असती!"

मला राग आला. कान गरम झाले. कित्येक महिन्यांत मला इतकं स्पष्ट काही वाटलं नव्हतं. मी स्टिअरिंग सोडलं आणि उभी राहिले.

"तुम्हीच चालवा मग! रोज तुम्हीच चालवता, मी नुसती साफ करत बसते! चार दिवस, पप्पा, चार दिवस मी इथे बसून..."

पप्पांनी खुर्ची थोडी पुढे सरकवली, हात लांब करून गिअर न्यूट्रलवर आणला आणि हँडब्रेक ओढला.

"बस खाली," ते म्हणाले. "रिव्हर्स कसा टाकायचा ते दाखवतो. माणसं खोळंबलीत."