साहेबाचा ळ

परवा दुपारी टीव्हीवर तो जुना पिक्चर लागला आणि मी स्वयंपाकघराकडे बघून ओरडलो, "अगं ये लवकर, माझा ळ येतोय!"

गोष्ट नव्वदच्या दशकातली... इगतपुरीला एका हिंदी पिक्चरचं शूटिंग होतं, इंग्रजांच्या काळातलं. स्टेशनचे जुन्या वळणाचे बोर्ड रंगवायला नाशिकहून मला बोलावलं होतं. अक्षरं मी कुठल्या आर्ट स्कूलमध्ये शिकलो नाही, भिंती बघून शिकलो... पण माझा एक काना वाकडा दाखवा आणि ब्रश घेऊन जा.

इंग्रजीही तसंच, केबलवरच्या ब्रिटिश मालिका बघून जमवलेलं. त्यामुळे सगळे हिरोच्या मागे धावत असताना, कडेला खुर्ची टाकून बसलेला गोरा म्हातारा मी एकट्यानेच ओळखला. कधी फौजदार, कधी पाद्री, कधी पहिल्याच भागात मरणारा शेजारी... आयुष्यभर अशीच कामं केलेला नट. नाव मलाही आठवेना, पण भूमिका एकेक करून सांगितल्या. तो खुर्चीतून उठून उभाच राहिला.

या पिक्चरमध्ये तो रेल्वेचा गार्ड होता. वाक्य एकच, तेही मराठीत... "सगळी माणसं बसली का?" आणि साहेबाला ळ येत नव्हता! सकाळपासून "सगली, सगली" चाललं होतं. असिस्टंट म्हणाला, जाऊ दे, मागाहून दुसऱ्याचा आवाज टाकू.

म्हातारा हिरमुसला. मला म्हणाला, "चेहरा माझा कोणाच्या लक्षात राहत नाही, तुम्ही सोडून. आता आवाजही दुसऱ्याचा... मग या पिक्चरमध्ये मी उरलो कुठे?"

बोर्ड वाळत ठेवले आणि मी शिकवायला बसलो. जीभ मागे वळवा, टाळूला लावा, सोडा... स्टेशनवरचा हमाल दगडू केळ्यांचा घड घेऊन समोर उभा. "साहेब, आदी नीट केळं म्हना, मंग देतो! पेंटर, सांगा त्याला... 'केलं' म्हनला तर नाय भेटनार." हसून हसून पुरेवाट. पण जेवणाच्या सुट्टीपर्यंत साहेबाने केळं मिळवलं, आणि माझं वाक्यही अगदी ण सकट बसवलं.

शॉट लागला. गार्डाने शिट्टी फुंकली, हिरवा झेंडा उचलला आणि म्हणाला, "बसली का रं सगळी?"

ळ खणखणीत! डायरेक्टर खूश, आवाज त्याचाच ठेवायचं ठरलं. दगडू नाचायचा तेवढा बाकी होता. माझं तोंड मात्र उतरलं... हे "रं" कुठून आलं? माझी "माणसं" कुठे गेली?

मी विचारलंच. तो म्हणाला, "तुमचं बरोबरच होतं. पण हा गार्ड वीस वर्षं याच स्टेशनवर आहे. त्याला मराठी कोणी शिकवली असेल... तुम्ही, की दगडूने?"

एका वाक्याचा गार्ड, पण त्याची वीस वर्षं या माणसाने मनात जगून घेतली होती. तेव्हापासून बोर्ड रंगवण्याआधी गिऱ्हाईक आपल्या दुकानाचं नाव कसं घेतं, ते मी आधी ऐकतो. लिहितो मात्र शुद्धच.

तर परवा... बायको पोळी तव्यावर तशीच टाकून धावत आली. शिट्टी, झेंडा, "बसली का रं सगळी?"... गाडी सुटली, संपलं.

"एवढंच? याच्यासाठी माझी पोळी करपवलीत होय?"

हो, एवढंच. पण आवाज त्याचा स्वतःचा आहे... आणि ळ माझा.