न घुमणारा हॉल

माइककाकांचं खरं नाव विचाराल तर भलेभले डोकं खाजवतील. बत्तीस वर्षं लोकांच्या लग्नात माइक लावायचे, कोपऱ्यातल्या टेबलामागे बसायचं, कोणाचा आवाज चिरकला की बटण फिरवायचं आणि सगळे पांगले की वायरी गुंडाळून घर गाठायचं, हा त्यांचा धंदा. पाचशे-हजार माणसांचे हॉल त्यांना तोंडपाठ. पण साठ माणसांच्या हॉलात माइक लावतं कोण? छोट्या हॉलांबद्दल त्यांना ओ का ठो माहीत नव्हतं.

आणि नेमकं स्वतःच्या मुलीचं साठ माणसांचं लग्न अकरा दिवसांवर आलेलं असताना, ठरवलेल्या हॉलच्या छताचा गिलावा कोसळला आणि मालकाने हात वर केले.

काकांना धास्ती होती ती मात्र वेगळीच. वर्षभरापासून त्यांचा डावा कान गेला होता. नुसतं गुं गुं. उजवा कसाबसा चालायचा. शांत खोलीत समोरचा माणूस बोलला तर कळायचं, घुमणाऱ्या हॉलात सगळ्या शब्दांचा लगदा. हे त्यांनी बायकोलाही सांगितलं नव्हतं. आवाजाच्या धंद्यातला माणूस बहिरा होतोय, हे सांगायचं कोणत्या तोंडाने? यंत्र लावलं तर गावभर बोभाटा. आणि इकडे मुलीने जाहीर करून टाकलं होतं, "बाबा, त्या दिवशी मी तुमच्याबद्दल चार वाक्यं बोलणार आहे. आधी काही सांगणार नाही."

ती चार वाक्यंच ऐकू आली नाहीत तर? हजारो लोकांची रटाळ भाषणं त्यांनी शेवटच्या खुर्चीपर्यंत पोचवली, आणि स्वतःच्या पोरीचे शब्द हुकणार? या विचाराने त्यांना बसवेना की उठवेना. जेवता जेवता अर्ध्या घासावर उठून चपला शोधायचे.

मग सुरू झाली वणवण. हॉलात शिरलं की काका मधोमध उभे राहून जोरात एक टाळी वाजवायचे. टाळी जागीच विरली तर हॉल चांगला, भिंतीवरून परत आली की नापास. त्यांच्या धंद्यातली रीतच ती. पहिल्या हॉलला पत्र्याचं छप्पर. नापास. दुसऱ्याला तीन बाजूंनी काचा, तिथे तर टाळी वाजवायच्या आधीच मागे फिरले. तिसऱ्यात तिथल्या बाई काय सांगतायत तेच समजेना, तेव्हा "बघतो, कळवतो" म्हणत काका जिना उतरलेसुद्धा. चौथा त्यांनी का नाकारला, ते त्यांनाच ठाऊक.

"अहो, नाकाने कांदे सोलायचे दिवस आहेत का हे?" बायको कडाडली. "साठ माणसं यायचीत, आणि तुमच्या कानांना एक हॉल पटेना!"

कानांचं नाव निघालं तसे काका पायांत चपला सरकवून बाहेर पडले. मुलगी दातांच्या कवळ्या बनवायची. रोज अर्ध्या दिवसाची रजा टाकून ती मुकाट बापामागे फिरत होती. अकराचे सात दिवस उरले.

पाचवा हॉल एका वाचनालयाच्या वर होता. जाड पडदे, लाकडी जमीन. पडदे बघूनच काकांचा जीव भांड्यात पडला. दोन दिवसांच्या सर्दीने उजव्या कानालाही दडे बसलेत, हे त्या घाईत त्यांच्या ध्यानातच आलं नाही. त्यांनी टाळी वाजवली, उजवा कान वळवला. काही नाही. टाळी जागीच विरली.

"हाच!" ते ओरडलेच. "बघ, जरासुद्धा घुमत नाही. इतकी स्वच्छ टाळी मी बत्तीस वर्षांत ऐकली नाही!"

आता खरं सांगायचं तर टाळी पडद्यांना न जुमानता उंच छताला आपटून चारदा परत आली होती, आणि काकांचं ओरडणं अजून कोपऱ्याकोपऱ्यातून फिरत होतं. किल्ल्या घेऊन उभा असलेला व्यवस्थापक बोलायला तोंड उघडणार, तोच मुलीने त्याला खुणेने थांबवलं. "आम्ही खाली जाऊन ठरवतो," ती म्हणाली.

बापाने उजवाच कान वळवलेला तिने वर पाहिला होता, म्हणून जिन्यात ती मुद्दाम त्याच्या डाव्या हाताला आली. नेहमीच्या आवाजात म्हणाली, "बाबा, मी हे लग्न मोडतेय."

"हो हो," काका खुशीत म्हणाले, "खुर्च्या त्यांच्याच असणार."

तिला फिसकन हसू आलं आणि त्याच दमात डोळे भरले. ती पुढे होऊन त्यांच्या समोर उभी राहिली. "कधीपासून?"

"काय कधीपासून? सर्दी झालीय मला!" काका उसळले. ती जागची हलेना. मग त्यांचं अवसान गळालं, आणि ते पायरीवर बसले.

"वर्ष झालं," ते म्हणाले. "तू जे बोलणार आहेस ना, ते ऐकू येईल असा हॉल शोधत होतो गं. दुसरं काही नाही."

"काय माणूस आहात तुम्ही! मला सांगायचं तरी!" लेक ओरडली. ती त्यांच्या उजव्या बाजूला टेकली, कानाशी तोंड नेलं. "आत्ता ऐका. तिथे बोलणार होते तेच."

"लहानपणी मी शाळेत ऐट मारायचे, की माझे बाबा सगळ्यांच्या लग्नाला जातात. त्यातल्या एकाही लग्नाचं त्यांना आमंत्रण नव्हतं, हे मला फार उशिरा कळलं. सगळ्यांचं जेवून झालं की ते उरलंसुरलं उभ्याने खायचे. आज माझे बाबा खुर्चीत बसलेत, आणि आज त्यांना कोणी उठवायचं नाही."

शब्द न् शब्द ऐकू आला. काकांनी रुमाल काढून नाक शिंकरलं.

"पुन्हा म्हण."

"ऐकू नाही आलं?"

"आलं गं. पुन्हा म्हण."

तिने पुन्हा म्हटलं. तेवढ्यात व्यवस्थापक खाली आला. बापलेकीला पायरीवर असं बसलेलं बघून बिचारा ओशाळला. "साहेब, फसवाफसवी नको," तो म्हणाला. "हॉल फार घुमतो हो आमचा."

काकांनी मुलीकडे पाहिलं.

"घुमू दे," ती म्हणाली. "हाच पक्का करा. आमचं भाषण झालं."