चौथा गडी सोलापूरचा

आमचा चौथा मित्र नोकरीसाठी तिरुप्पूरला गेला आणि आमची टोळी मोडली. आम्ही खेळायचो तो ऑनलाइन गोळीबाराचा खेळ चौघांनी मिळून खेळायचा असतो. तिघांनाही मैदानात उतरता येतं, पण स्पर्धेत नाव द्यायचं तर चौघं लागतात. उरलो आम्ही तिघं, शाळेपासूनचे. एक साक्कोट्टैचा, बाजारात कॉफी दळून देणाऱ्या दुकानात काम करणारा. दुसरा पट्टीश्वरमचा, त्याच्या घरचं देवळासमोर हारांचं आणि लिंबाच्या सालीत लावायच्या दिव्यांचं दुकान आहे. आणि मी. मी आईबरोबर ब्लाऊज शिवतो. पुढच्या खोलीत दुकान, मागं घर.

चौथा काही मिळेना. खेळात रोज कुणीतरी अनोळखी आमच्या बाजूला येऊन पडायचा, हिंदीत शिव्या द्यायचा आणि निघून जायचा. एका संध्याकाळी आमच्या बाजूला असाच एक न बोलणारा खेळाडू होता. माझा माईक चालू होता. आतून आईची हाक आली, "ऊठ रे, नळास पाणी आलें!"

तो न बोलणारा खेळाडू एकदम बोलला. मुलीचा आवाज होता.

"मराठी? तुमच्यात मराठी कोण आहे?"

कुंभकोणममध्ये आयुष्य काढताना हा प्रश्न मला कधी कुणी विचारला नव्हता. आमचे पूर्वज तंजावरच्या राजांच्या काळात इकडे आले आणि त्यांची बोली आमच्या घरात राहिली. उंबरा ओलांडला की तमिळ. मित्रांना माझी घरची भाषा म्हणजे आईचं काहीतरी पुटपुटणं एवढंच माहीत होतं. ती भाषा कानातल्या हेडफोनमधून माझ्याशी बोलेल असं वाटलं नव्हतं. मी घाबरत घाबरत म्हटलं, "हौ. मीच."

ती सोलापूरची होती, कॉलेजात शिकणारी. माझी मराठी ऐकून सुरुवातीला तिला हसू आवरेना. मी समोरच्या टोळीतल्या माणसाला शिपाई म्हणायचो. "जिन्याखाली शिपाई आहे!" असं मी ओरडलो की ती म्हणायची, "दादा, आमच्या कॉलेजात शिपाई चहा आणतो. त्याला कशाला मारायलाव?" तरी तिनं मला कधी परकं वाटू दिलं नाही. आज मी हे ज्या मराठीत लिहितोय ती बरीचशी तिच्या बोलण्यातून उचललेली आहे.

खेळात ती आमच्याहून फार पुढं होती. नेमबाजी आमचीही बरी होती. पण कुठं थांबायचं, कधी सरकायचं, समोरचे आता कुठल्या बाजूनं येतील, हे तिला आधी कळायचं. ती मराठीत सांगायची, मी ते लगेच तमिळमध्ये करायचो आणि दोघं मित्र तसं वागायचे. हळूहळू असं झालं की मी स्वतः विचार करणं सोडून दिलं. ती बोलायची आणि माझ्या तोंडून तमिळ निघायचं. साक्कोट्टैचा मित्र तिला 'कॅप्टन' म्हणायला लागला. तेवढ्या एका शब्दाला दुभाष्या लागत नव्हता.

ती बोलत असताना मागं कायम खडखड चालू असायची. घराच्या खालच्या मजल्यावर वडिलांचे यंत्रमाग होते, चादरींचे. मी विचारलं, एवढ्या आवाजात तुला ऐकू कसं येतं? ती म्हणाली, "मला ऐकू येतं. मी बोलते ते खाली ऐकू जात नाही, ते बरं आहे." मग म्हणाली, "घरी चालत नाही. पोरांशी खेळणं तर नाहीच." मी आणखी काही विचारलं नाही. तिनंही सांगितलं नाही.

एकत्र खेळायला लागल्यावर काही महिन्यांनी आम्ही एका ऑनलाइन स्पर्धेत नाव दिलं. कोइंबतूरचा एक तरुण अशा स्पर्धा भरवायचा, आणि नाव देताना त्यानं प्रत्येकाचा फोन नंबर घेतला होता. आम्ही पुढं पुढं जात राहिलो आणि शेवटच्या फेरीत पोचलो. फेरी रविवारी दुपारी होती. दुकान बंद. कापड बेतायच्या टेबलावर मी मांडी घालून बसलो होतो. आई शेजारी खुर्चीवर बसून ब्लाऊजला हुक लावत होती. पट्टीश्वरमचा मित्र दुकानामागच्या खोलीत, साक्कोट्टैचा त्याच्या घराच्या गच्चीवर.

सुरुवात छान झाली. पण काहीतरी वेगळं वाटत होतं आणि काय ते मला कळत नव्हतं. मग लक्षात आलं, खडखड नव्हती.

"आज माग बंद?" मी विचारलं.

"लाइट गेलीय. गप, पुढं बघ. त्या घरात दोघं आहेत."

ती हळू बोलत होती. पण शेवटी शेवटी मैदान आकसतं, सगळे जवळ येतात, आणि तिथं हळू बोलणं कुणालाच जमत नाही. तिनं ओरडून सांगितलं, "डावीकडून! डावीकडून आले!" मी तमिळमध्ये ओरडलो. आम्ही दोघांना पाडलं. आता समोर एकच टोळी उरली होती.

आणि मग एका पुरुषाचा आवाज आला. तिच्या खोलीतून.

"कुणाशी बोलायलीस?"

"मैत्रीण आहे, बाबा."

"मैत्रीण? आण इकडं."

"बाबा, दोन मिनिटं, मी सांगते की..."

त्यानंतरचा आवाज मी ओळखला. तो ओळखायला भाषा येण्याची गरज नव्हती. पण मित्रांना वाटलं, फोन पडला. खेळात तिचा माणूस भिंतीला टेकून स्तब्ध उभा राहिला.

"काय झालं? कॅप्टन का थांबली?" साक्कोट्टैचा विचारत होता. पट्टीश्वरमचा ओरडत होता, "नगरु! नगरु!" म्हणजे सरक, सरक. त्याच वेळी बहुधा तिच्या हेडफोनची वायर ओढली गेली असावी, कारण आमचे आवाज तिकडे मोठ्यानं वाजायला लागले. माझ्या मित्राचं तमिळ ओरडणं सोलापूरच्या त्या खोलीत घुमून परत माझ्या कानात आलं.

"ही कोण पोरं आहेत? कुठली भाषा ही?" वडील विचारत होते. ती रडत काहीतरी सांगत होती. मध्येच पुन्हा तो आवाज.

मी तोंड उघडलं आणि मिटलं. मी बोललो तर तो आणखी एका पुरुषाचा आवाज होणार होता. आणि न बोललो तर मी ऐकत बसणार होतो. दोघं मित्र मला विचारत होते आणि आमच्या तिघांत मला एकट्यालाच सगळं कळत होतं.

मी आईला म्हटलं, "आई, तिला मारतायत." आणि हेडफोन काढून फोन तिच्यापुढं धरला.

आईनं सुई पदराला टोचली आणि फोन हातात घेतला. तिनं कधी अनोळखी माणसाशी मराठीत बोलल्याचं मला आठवत नाही. नातेवाईक सोडले तर इथं बोलणार कोणाशी?

"अहो दादा," ती म्हणाली, "मी ह्या पोराची आई बोलतें. कुंभकोणांतून. लेंकरांचा खेळ चालला आहे, दुसरें काहीं नाहीं. मी येथेंच बसलें आहें. तुमची लेंक फार शहाणी आहे. तिला मारूं नका हो."

 माझ्या फोनवर मैदान आकसत होतं.

"कोण तुम्ही?" वडिलांनी विचारलं.

"आई म्हणून सांगितलें ना."

"आमच्या घरातलं आम्ही बघू, बाई. तुम्ही तुमच्या पोराला सांभाळा."

आवाज बंद झाला. आईनं फोन माझ्या हातात दिला. खेळात तिचा माणूस अजून तसाच उभा होता. साक्कोट्टैच्या मित्राला वाटलं होतं की तिचं नेट गेलं, म्हणून तो आपला माणूस घेऊन तिच्यापुढं आडवा उभा राहिला होता, ती परत येईपर्यंत गोळी लागू नये म्हणून. समोरच्या टोळीनं आधी त्याला पाडलं, मग तिला. पट्टीश्वरमचा तोवर पडलाच होता. मी काय केलं ते मला आठवत नाही.

संध्याकाळी दोघं दुकानात आले. मी त्यांना जे ऐकलं ते सांगितलं.  पट्टीश्वरमचा म्हणाला, "मी ओरडत होतो ते तिकडे ऐकू गेलं का रे?" मी हो म्हटलं. तो उठून बाहेर जाऊन उभा राहिला.

तिला खेळातून पाठवलेले निरोप पोचत नव्हते. फोन बंद असावा, किंवा नसावाच. आमच्याकडे तिचं काय होतं? खेळातलं टोपणनाव आणि शहर. मी कोइंबतूरच्या तरुणाला सगळं सांगून तिचा नंबर मागितला. त्यानं नीट ऐकून घेतलं आणि नाही म्हणाला. मी चिडलो, पण आई म्हणाली, "बरोबरच आहे त्याचें. कोठल्या कोण पोरांस पोरीचा नंबर कोण देईल?"

मग मी महाराष्ट्रातल्या महिलांच्या मदतकेंद्राला फोन लावला. फोनवरच्या बाईंनी मुलीचं नाव विचारलं. मला ठाऊक नव्हतं. पत्ता? "खाली माग आहेत," मी म्हटलं.  "सोलापुरात फार घरांत माग आहेत, भाऊ," त्या म्हणाल्या. माझं बोलणं त्यांना अर्धंच कळत होतं, तरी त्यांनी पुन्हा पुन्हा विचारून घेतलं आणि त्या कोइंबतूरच्या माणसानं त्यांच्याशी थेट बोलावं असं सुचवलं. तो त्यांच्याशी बोलला. पुढं काय झालं ते कुणी मला कळवलं नाही, आणि कळवण्याचं कारणही नव्हतं.

आम्ही खेळणं बंद केलं. ठरवून नाही. कुणी फोन काढायचाच नाही. शिवताना शेजारी आईच्या यंत्राची टकटक थांबली की माझी मान आपोआप वर जायची.

मार्गळी महिन्यात, पहाटे देवळांत गाणी लागतात त्या दिवसांत, एका सकाळी दुकान उघडत असताना अनोळखी नंबरावरून फोन आला.

"दादा, मी बोलतेय."

मी कुलूप हातात घेऊन तसाच पायरीवर बसलो. ती बार्शीला मावशीकडे होती. मावशीनंच नेलं होतं. परीक्षा तिथून जाऊन दिली होती, आता एका कॉम्प्युटर क्लासमध्ये लहान मुलांना शिकवत होती. स्वतःचा फोन नव्हता, हा मावशीचा. तिचा आधीचा त्या रविवारीच फुटला होता; माझा नंबर तिनं कोइंबतूरच्या तरुणाकडून मिळवला होता.

"त्या मदतवाल्यांचा कुणाचा फोन आला होता का घरी?" मी विचारलं.

"आला असेल. मला कोण सांगणार?"

मग मी जे विचारायला नको होतं, पण इतके दिवस मनात होतं, ते विचारलं. आई बोलली त्याचा काही उपयोग झाला का?

 "खरं सांगू? ते आणखी चिडले. परक्या बाईनं माझ्याच घरात मला शिकवलं, असं झालं त्यांना. नंतर जास्त मारलं." मग घाईघाईनं म्हणाली, "पण आईंना सांगू नका हं. त्या बोलल्या तेव्हा मला... कुणीतरी बोललं ना, दादा."

तिनं मित्रांची चौकशी केली. चौथा मिळाला का विचारलं. मी खेळत नाही म्हणून सांगितलं तर रागावली. "माझ्यासाठी कशाला बंद करायचं? मी काय मेले का?" मागून मावशीचा आवाज आला. तशी ती मला म्हणाली, या नंबरावर तुम्ही फोन करू नका, मीच करेन, आणि फोन ठेवला.

आत गेलो तर आई उभी होती. तिनं पायरीवरचं बोलणं ऐकलं होतं, माझ्या बाजूचं.

"बरी आहे म्हणते," मी म्हटलं. "मावशीकडे आहे. नोकरी करते."

"माझ्या बोलण्यानें काय झालें?"

मी यंत्रावर टाकलेलं कापड काढलं, घडी घातली. तिच्याकडे पाहिलं नाही. काहीतरी बरं सांगता आलं असतं. तिनं थोडा वेळ वाट पाहिली आणि मग तिला जे कळायचं ते कळलं.

ती खुर्चीवर बसली. आदल्या दिवशीचा अर्धा राहिलेला ब्लाऊज मांडीवर घेतला, सुईत दोरा ओवायला लागली. दोरा जाईना. मी ओवून दिला.

"तरी बोललेंच असतें मी," ती म्हणाली. "पण आतां आधीं पोरीला विचारीन."

त्यानंतर कॅप्टनचा फोन आलेला नाही. रविवारी आम्ही तिघं पुन्हा खेळायला लागलोय, तिघंच. स्पर्धेत नाव देत नाही. आई शेजारी हुक लावत बसते आणि अधूनमधून विचारते, आज कोणी मराठी बोललें का रे.